चौथ्या खंडातली पेन्सिल

वडील गेल्याच्या अठराव्या दिवशी त्यांनी वाचनालयातून आणलेल्या कादंबरीचे चारही खंड तिने टेबलावर ओढले आणि रबर हातात घेतलं. मुद्रितं तपासण्यात तिची बावीस वर्षं गेली होती. त्या कामात शंका पेन्सिलीने काढायच्या आणि मजकूर छपाईला जाण्याआधी पेन्सिलीची रेघ न् रेघ पुसायची, असा शिरस्ता. दुसऱ्याचं पुस्तक परत करायचं तर स्वच्छ करूनच, यात विचार करण्यासारखं काही तिला दिसलं नाही. समासात वडिलांचं बारीक, तिरकं अक्षर होतं. ते वाचायची तिची छाती होईना, म्हणून तिने त्याला अक्षर मानलंच नाही, नुसत्या रेघा मानल्या. दोन संध्याकाळी गेल्या. तिने चुरा झटकला, दुमडलेले कोपरे सरळ केले आणि पुस्तकं नेऊन दिली.

ग्रंथपालबाईंनी चौथा खंड उघडला, दोन-चार पानं उलटली आणि चष्मा कपाळावर चढवला.

"अहो, हे काय करून ठेवलंत?"

"पुसलं. पुस्तकात लिहू नये, असा तुमचाच बोर्ड आहे ना तिथे?"

"बोर्ड माझाच आहे. पण ही लिफ्टवाल्या काकांची प्रत. याच कादंबरीची कोरी प्रत वर पडून आहे, तिला कुत्रं विचारत नाही. लोक येतात ते हीच मागायला."

"का?"

बाईंनी तिच्याकडे नीट पाहिलं. "तुम्ही वाचलंच नाहीत का काय लिहिलं होतं ते?"

वडिलांनी चौतीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या. हाताला ग्रीसचा वास असायचा, आणि त्या हातात कायम एखादी जाडजूड अद्भुत कादंबरी. बोलणारे डोंगर, शापित तलवारी, सावली हरवलेले राजे. ती त्यांना चिडवायची. "बाबा, साठी उलटली. आता तरी खऱ्या माणसांचं काहीतरी वाचा." ते म्हणायचे, "खरी माणसं रोज लिफ्टमध्ये अडकलेली बघतो की. तेवढी पुरे." दवाखान्यात गेले तेव्हा चारही खंड पिशवीत घालून घेऊन गेले. पाचवा येणार होता, त्याआधी सगळं पुन्हा वाचून काढायचं होतं. "पाचवा आला का, जरा विचारून ये गं," असं दोनदा म्हणाले. दोन्ही वेळा ती "बघते" म्हणाली. तेव्हा तिच्यापुढे औषधांची यादी होती, रक्ताचे अहवाल होते. राजे आणि डोंगर कुठे पळून जाणार होते?

"शनिवारी दुपारी या," बाई म्हणाल्या. "वाचणारे जमतात. कोणाला तरी आठवेल."

शनिवारी ती वही घेऊन गेली. तिला वडिलांची वाक्यं हवी होती, जशीच्या तशी, स्वल्पविरामासकट. वाचनकक्षात लांब टेबलाभोवती तिघं बसली होती. शाळेची बस चालवणारे एक गृहस्थ, ब्लाउज शिवणाऱ्या एक टेलरबाई आणि गणिताचे निवृत्त सर. ही काकांची मुलगी, असं बाईंनी सांगितल्यावर टेलरबाईंनी तिचा हात हातात घेतला आणि बराच वेळ सोडला नाही.

"चौथ्या खंडात ते दार आहे बघ," त्या म्हणाल्या. "पाणी वाहणारी पोर असते ना, तिचा मेलेला भाऊ दाराआडून हाका मारतो. दार उघडं आहे म्हणून सगळ्या खोऱ्यात बर्फ. ते तिला लावायचं असतं. तिथे काकांनी लिहिलं होतं, 'दार लावणं म्हणजे विसरणं नव्हे.' माझी बहीण गेली तेव्हा मी ते पान उघडून मशीनवर ठेवायची."

तिने लिहून घेतलं आणि लिहितानाच पेन अडलं. हे कॅलेंडरवरचं वाक्य होतं. बाबा असं जन्मात बोलले नसते.

"नाही हो टेलरबाई," बसवाले म्हणाले. "काकांनी लिहिलं होतं, 'दार नीट लागल्याशिवाय लिफ्ट हलत नाही.' बस्स. एवढंच. मी नोकरी सोडून घरी बसलो होतो तेव्हा वाचलं ते. दुसऱ्या दिवशी जाऊन जुन्या मालकाचा हिशेबच मिटवून आलो मनातला."

हे बाबांसारखं वाटत होतं. तिने पटकन लिहिलं. "नक्की?"

"शंभर टक्के."

"शंभर टक्के काय," सर म्हणाले, "पुढे प्रश्नचिन्ह होतं. 'दार लागल्याशिवाय लिफ्ट हलत नाही, पण आत कोणी राहिलं नाही ना?' असा प्रश्न होता. माझ्या दृष्टीने प्रश्न होता म्हणून तर मजा होती."

"सर, तुम्हाला सगळीकडेच प्रश्न दिसतात."

"आणि तुम्हाला सगळीकडे सिग्नल हिरवा दिसतो!"

ते हसले. तिला हसू आलं नाही. एकाच वाक्याचे तीन पाठ, तिन्ही तोंडी, आणि मूळ प्रत तिने स्वतःच्या हाताने साफ केलेली. दुसऱ्या कोणी असं केलं असतं तर तिने त्याला कामावरून काढायला लावलं असतं.

"तुमच्यापैकी एकालाही उतरवून ठेवावंसं वाटलं नाही?" तिचा आवाज चढला. "इतकं महत्त्वाचं होतं ना तुम्हाला? एक कागद, एक पेन?"

मग टेलरबाई अगदी हळू म्हणाल्या, "पुस्तक इथेच होतं गं. कुठे जाणार होतं?"

तिने वही मिटली.

"मी वाचून दाखवतो," बसवाले म्हणाले. "ताईंना गोष्टच ठाऊक नाही, तर वाक्य कुठलं खरं हे कसं कळणार?" त्यांनी चौथा खंड ओढून घेतला आणि शेवटचं प्रकरण वाचायला लागले. अडखळत वाचत होते, जोडाक्षरं गिळत होते, परिच्छेद संपला तरी श्वास घेत नव्हते. तिने शेजारून पानावर नजर ठेवत मनातल्या मनात छपाईच्या अकरा चुका मोजल्या. पोर डोंगर चढली. दाराशी पोचली. भावाने तिला लहानपणच्या नावाने हाक मारली. इथे बसवाले थांबले, आणि तिघांचीही नजर एकदमच समासाकडे गेली. पान पांढरं होतं. तिने फार चांगलं रबर वापरलं होतं.

"पुढे?" ती म्हणाली.

"काकांचं इथे होतं, म्हणून आम्ही जरा थांबतो."

"पुढे वाचा ना."

पुढे पोरीने दार लावलं. हाका थांबल्या नाहीत. तिने खाली येऊन घागरी उचलल्या, आणि खंड संपला.

"एवढंच?" ती म्हणाली. "मग बर्फाचं काय? भावाचं काय?"

"ते पाचव्यात," सर उत्साहाने म्हणाले. "दीड महिना झाला तो येऊन. पाचव्यात तर..."

"नका सांगू."

ती इतक्या जोरात म्हणाली की पलीकडे वर्तमानपत्र वाचणाऱ्या माणसाने मान वळवली. या टेबलावरच्या प्रत्येकाला पुढचं माहीत होतं. बाबांना नव्हतं. पाचवा खंड ते दवाखान्यात असतानाच इथे आला होता, या खोलीत, घरापासून दहा मिनिटांच्या वाटेवर. ती बाईंच्या टेबलापाशी गेली.

"पाचवा द्या."

"आधीचे चार न वाचता? ओ का ठो कळायचं नाही."

"नाही कळलं तर नाही. त्यांचं जिथून राहिलं, तिथूनच मला हवंय."

बाईंनी शिक्का मारला.

घरी तिने चहा केला आणि स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून पहिलं पान उघडलं. तिसऱ्या ओळीत छपाईची चूक होती. दुसऱ्या पानावर कोणीतरी एका राणीला दिलेलं वचन मोडलं. कुठलं वचन, कोण राणी, कशाचा पत्ता नव्हता. तिसऱ्या पानावर एक डोळा नसलेला नावाडी आला आणि पाणी वाहणाऱ्या पोरीच्या पायाशी बसून ओक्साबोक्शी रडायला लागला. ती चिडली. हा कोण आता? आधी येऊन गेलाय का? आणि याला रडायला काय झालं? असं बाबांना विचारायला तिने मान वर केली.