मधलं बकरं

पहिली काठी रामधनच्या खांद्यावर बसली, तेव्हा उदयसिंगचा कॅमेरा छान गुरगुरत होता.

पोहरादेवीची जत्रा ऐन भरात होती. उदयसिंग मुंबईत काम शिकून, चावी भरून चालवायचा एक जुनापाना कॅमेरा घेऊन तांड्यावर परतलेला. लग्नं टिपायची, तंबूतल्या टॉकीजवाल्यांची तुटकी रिळं जोडून द्यायची. चाकरी कुणाची नाही. त्याची तिपाई वाहायला थोरल्या भावानं, रामधननं, इंद्रभान पाटलाची सालदारकी सोडली. पाटलाला ते झोंबलं. भर जत्रेत त्यानं दुसरी काठी रामधनच्या तोंडावर घातली. दात सांडले.

"उदा, धाव!" रामधन ओरडला.

नेमका तेव्हाच कॅमेरा थांबला. चावी संपली होती. उदयसिंगनं ती भरली. पुन्हा भिंगाला डोळा लावला, तर इंद्रभान भावाच्या मानेतून कुऱ्हाड उपसत होता. तेही त्यानं टिपलं. मुंबईहून रीळ धुऊन आलं तेव्हा कळलं, फार स्वच्छ आलं होतं.

त्या रिळापायी पाटलाच्या माणसांनी त्याच्या डाव्या हाताची दोन बोटं उखळात घालून ठेचली. त्यानं तोंड उघडलं नाही. रीळ रुपाबाईच्या, म्हणजे रामधनच्या बायकोच्या, कणगीत ज्वारीखाली होतं.

साक्षीच्या आदल्या दिवशी ती म्हणाली, "भाऊजी, कोर्टाच्या आधी मले पाहू द्या."

त्यानं हातयंत्रावर रीळ चढवून ते दारातल्या उन्हाकडे धरलं. इवल्या काचेला डोळा लावून ती बसली, तो दांडी फिरवू लागला. काठी. दात. मग हार घातलेलं बकरं, कान हलवणारं. मग कुऱ्हाड.

"थांबा. हे बकरं कायले मधी?"

"असंच. जत्रा दिसाले पाह्यजे ना, वयनी."

"हे आपलं बकरं हाय. भांडणाच्या आधीच कापलं व्हतं. त्याचं काळीज मी परातीत धुऊन राह्यली व्हती, तवाच बोंब उठली. मेलेलं बकरं कान हालवते म्हटल्यावर वकील सारंच खोटं ठरवन. काहून घातलं?"

जोड दिसू नये म्हणून, असं सांगणार होता. त्यानं दांडी सोडली.

"मधी काहीच नाही, वयनी. दादा हाका मारून राह्यला व्हता, अन् मी चावी भरून राह्यलो व्हतो."

तिनं जात्याचा खुंटा उपटला आणि त्याच्या छातीत हाणला. पुन्हा हाणला. तो बाजूला सरला नाही. तिसऱ्यांदा तिचाच हात गळाला.

"उद्या हेच सांगजो," धापा टाकत ती म्हणाली. "चावीचं. साऱ्यायच्या म्होरं."

"सांगतो."

"काढ ते बकरं."

त्यानं कात्री घेतली. पण ठेचलेल्या बोटांत रिळाच्या पट्टीचं टोक ठरेना. सारखं निसटे. रुपाबाईनं खुंटा खाली ठेवला, त्याच्यासमोर मांडी घातली आणि टोक आपल्या चिमटीत घट्ट धरलं.

"काप," ती म्हणाली.