उसनं दिलेलं नाव

पडद्यावरची म्हातारी नवऱ्यावर खेकसली, "मरायचं तर मर, पण आधी सूप संपव. गार झाल्यावर कोण पिणार ते?" सगळं थिएटर हसलं. मागच्या रांगेत बसलेल्या ओटोमार शिंडेल्काच्या अंगावर मात्र काटा आला. ओठ नटीचे हलत होते, पण त्याला ऐकू येत होता एव्झेन. सबंध सिनेमाभर हेच चाललं होतं. पाववाला बोलला की एव्झेन, पोस्टमन बोलला की एव्झेन.

सिनेमा लिहिला होता त्याच्या ज्यू मित्राने, एव्झेनने, नाव मात्र ओटोमारचं होतं. जर्मन प्रागमध्ये घुसले आणि ज्यूंना लिहायची बंदी झाली, तेव्हा बऱ्याच जणांनी मित्रांना अशी नावं उसनी दिली. कुणी विचारलंच तर काय सांगायचं, ते उत्तर एव्झेन ओटोमारकडून घोटून घ्यायचा. बटाटे सोलताना, दाढी करताना, मध्येच विचारायचा, "कुणी लिहिलं रे हे?"

"मी."

"अडखळलास, गाढवा! पुन्हा."

पुढे एव्झेनला गाडीत कोंबून पूर्वेकडे नेलं. तो परत आला नाही. मग स्टुडिओतल्या साहेबांनी विचारलं, पोलिसांनी विचारलं. ओटोमार एकदाही अडखळला नाही.

आता युद्ध संपलं होतं. खरं सांगायचं तो रोज ठरवायचा आणि रोज उद्यावर ढकलायचा. लाज वाटायची स्वतःची. शेवटी आज त्याने एव्झेनच्या बहिणीला, हर्मिनाला, सिनेमाला बोलावलं होतं. छावणीतून त्या घरातली ती एकटीच जिवंत आली होती. आधी तिला सांगायचं, मग जगाला, असं पक्कं ठरवूनच तो आला होता.

खेळ सुटल्यावर कोट ठेवायच्या खिडकीपाशी ती उभी होती. डोळे रडून लाल झालेले.

"ती म्हातारी म्हणजे आमची आईच हो, ओटोमार! हुबेहूब. कुणी लिहिलं हे?"

"मी," ओटोमार म्हणाला.

शब्द तोंडातून गेलासुद्धा. हर्मिनाचा चेहरा उतरला.

"हो, तुम्ही जेवायला यायचात ना आमच्याकडे," ती हळूच म्हणाली.

"नाही, थांबा! मी नाही, त्याने लिहिलंय. सगळं एव्झेनने! सवयीने बोलून गेलो मी."

"सवयीने?"

"देवाशपथ सांगतो!"

"त्याच्या हातचा एखादा कागद आहे?"

"नाही. माझ्या अक्षरात उतरवून लगेच जाळायचो आम्ही. सापडला असता तर त्याला..."

हर्मिनाने कोटाची बटणं लावली. ती चिडली असती तर त्याला बरं वाटलं असतं.

"मला बरं वाटावं म्हणून म्हणताय. पण अशी दया नका हो करू."

तो तिच्यामागे रस्त्यापर्यंत धावला. पुन्हा पुन्हा तेच सांगत राहिला, आणि जितकं सांगावं तितकं ते त्याचं त्यालाच खोटं वाटू लागलं. ट्राम आली. पायरीवर चढून ती वळली आणि त्याचा हात तिने दोन्ही हातांत धरला.

"आईला तुम्ही जपलंत," ती म्हणाली. "उपकार झाले तुमचे."