कपाळापर्यंत शटर

"आजी, पट्ट्यावर उभ्या राहा. मी हळू सोडते," व्यायामाच्या यंत्रांच्या दुकानातली मुलगी म्हणाली.

"मावशी म्हण," मी म्हटलं. "आणि हळू कशाला? मी काय काचेची आहे?"

पट्टा सरकायला लागला तशी मीही चालायला लागले. समोर भिंत होती. मी आपली चालतेय, चालतेय, आणि भिंत आहे तिथंच.

"कसं वाटतंय?"

"घरातून निघाले आणि कुठंच पोचले नाही, असं." मी दांडी धरून खाली उतरले. "बंद कर बाई. माझ्या पायांना काय धाड भरलीय? त्यांनीच तर मला इथवर आणलं. दुखतोय तो खांदा."

मुलीनं माझ्या मुलाकडे बघितलं. तो माझ्यामागोमाग पट्ट्यावर चढून चालायलाही लागला होता. हापिसात बसून बसून त्याचं पोट सुटलंय. मी त्याला साहेब म्हणते. कुठल्याही यंत्राच्या दुकानात नेलं की साहेबांना आधी स्वतःची गरज दिसते. मागे असाच उत्साहात व्यायामाची सायकल घेऊन आला होता. आठवडाभर तिच्यावर तो बसला. त्यानंतर तिच्या दांड्यांवर मी लोकांचे इस्त्रीचे शर्ट टांगते. शर्ट टांगायला मात्र झकास आहे, उगाच नावं ठेवणार नाही.

माझं इस्त्रीचं दुकान. पुढं दुकान, मागं घर. थंडीत उजवा खांदा धरला तो धरलाच. हात कानापर्यंत जायचा आणि तिथं कुणी आतून कडी घातल्यासारखा अडायचा. डॉक्टर म्हणाले, सांधा आखडलाय, हळूहळू मोकळा होईल. रोज व्यायाम करा, फक्त झटके देऊ नका. व्यायाम शिकवतात तिथं दोनदा गेले. बाकड्यावर नंबराची वाट बघून कंबरही धरली. म्हटलं, काय हात हलवायचे ते मी माझ्या घरी हलवीन. मग साहेब म्हणाले, घरी करायचं तर यंत्र घेऊ.

नुसत्या दुखण्याला मी भीक घातली नसती. पण माझ्या दुकानाला जुनं लोखंडी शटर आहे. दोन्ही हात लावल्याशिवाय ते जमिनीवरून हलत नाही, आणि वर न्यायचं तर हात डोक्याच्या वर जावा लागतो. खांदा धरल्यापासून सकाळी साहेब उघडून द्यायचे आणि मग हापिसाला पळायचे. शेजारच्या मोबाईलवाल्याला आपलं दुकान वाढवायचंय. त्याला माझी जागा भाड्यानं हवीय. महिनाअखेर उत्तर द्यायचं होतं, आणि साहेबांचा कल द्यावी असा.

"आई, तुझंच वाक्य आहे," तो म्हणायचा. "ज्याच्या हाताला शटर येतं, त्याचं दुकान."

वाक्य माझंच, खरंय. हे गेले तेव्हा माझे दीर आले होते. दारात उभं राहून म्हणाले, "वहिनी, बाईमाणसाला हे झेपायचं नाही. चावी द्या." मी बाहेर गेले, हात वर घातला आणि एका दमात शटर खाली आणलं. भाऊजींनी पाय मागे घेतला म्हणून बोटं वाचली. मग सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं ते वाक्य मी म्हटलं. तेव्हा माझा पदर धरून हाच उभा होता. त्याला ते अजून पाठ आहे. आणि आता तो ते कुचकेपणानं म्हणत नाही, मायेनं म्हणतो. जास्त लागतं ते त्यामुळेच.

तर त्या यंत्रांच्या दुकानात मी मुलीला सरळ विचारलं, "शटर ओढल्यासारखं यात काय आहे?"

पोरगी हसली नाही. म्हणाली, "मावशी, हाताला जोर नाही, का हात वर जात नाही?"

"जोर?" मी खाली ठेवलेला एक डंबेल उचलला. "कोळशाच्या इस्त्रीवर दिवस काढलेत मी. तिच्यापुढं हे तुझं खेळणं आहे."

"मग जोर वाढवायचं काही घेऊ नका. सांधा मोकळा करणारं घ्या." तिनं एक दोरी आणली. दोरीला दोन मुठी आणि मधे कप्पी. "ही दाराच्या वरच्या कडेला अडकवायची. खाली खुर्चीवर बसायचं. चांगल्या हातानं मूठ खाली ओढली की दुखरा हात आपोआप वर जातो. जितका जाईल तितकाच."

"म्हणजे डाव्यानं ओढायचं आणि उजव्यानं नुसतं लोंबायचं?"

"सुरुवातीला."

"माझा उजवा हात असा फुकट कुणाकडून काही घेत नाही," मी म्हटलं.

तिकडे साहेब पट्ट्यावरून ओरडले, "अगं, हेच घेऊ या. सगळ्यांना उपयोगी पडेल."

माझी सून पर्समधून टेप काढून यंत्राभोवती फिरत होती. तिनं लांबी मापली, रुंदी मापली आणि म्हणाली, "बसणार नाही. इस्त्रीचं टेबल बाहेर काढावं लागेल."

"काढू की," साहेब धापा टाकत म्हणाले.

"आधी तू बाहेर नीघ," मी म्हटलं. यंत्र बंद झालं.

भिंतीवर रबरी पट्टे टांगले होते. पिवळा, लाल, हिरवा, निळा, सगळ्यात शेवटी काळा. मुलगी सांगायला लागली की पिवळा सगळ्यात मऊ, तुम्हाला पुढंमागं लागलाच तर तो.

"आणि काळा कोण नेतं?"

"तालमीतली मुलं."

"तो दे."

सून टेप पर्समध्ये टाकून गल्ल्याकडे गेली. मुलगी म्हणाली, "मावशी, याची आत्ता गरज नाही तुम्हाला." मी म्हटलं, "पोरी, गिऱ्हाईक मी आहे." साहेबांनी काळा पट्टा बांधून घेतला.

घरी तो पट्टा आतल्या दाराच्या कडीला बांधला आणि ओढला. तो ताणला म्हणून नाही, मी हट्ट केला म्हणून जरासा लांबला. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी जोर लावला तशी कडीवरून सुटून आला तो सणसणत, आणि इस्त्री करून रचलेले शर्ट त्यानं जमिनीवर लोळवले. शर्टांचं काय, पुन्हा इस्त्री फिरवता येते. पण खांद्यातून अशी कळ गेली की कानापर्यंत जाणारा हातही जाईना. सकाळी फणी केसांपर्यंत पोचेना.

सून मागे येऊन उभी राहिली. माझ्या हातातली फणी तिनं घेतली, केस विंचरले, अंबाडा घातला. मला कुणी असं बसवून केस विंचरल्याला जमाना झाला. सून बोलणारी असली तर भांडता तरी येतं. ही गप्प. माणसानं करायचं काय?

आकडे खोचून झाल्यावर ती इस्त्रीच्या टेबलाखाली वाकली आणि एक पिशवी काढली. पिशवीत दोरी, दोन मुठी आणि कप्पी.

"कधी घेतलीस?"

"तुम्ही तालमीतला पट्टा बघत होतात तेव्हा."

"मग तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"तुम्ही घेऊ दिली असतीत?"

मी चहा टाक म्हटलं.

चार दिवस खांद्याला सक्तीची विश्रांती दिली. पुन्हा डॉक्टरांना दाखवून आले, दोरीला त्यांनी हो म्हटलं. मग बसले दाराशी खुर्ची घेऊन. डावा हात खाली, उजवा वर. डावा खाली, उजवा वर. दुखायला लागलं की तिथंच थांबायचं. थांबणं मला येत नाही, ते शिकावं लागलं. इस्त्री तापेपर्यंत करायची, कपडे कमी असले की करायची. समोरचे मास्तर शर्ट घेऊन आले आणि उभेच राहिले.

"मावशी, झेंडा चढवताय?"

"हो. सलाम ठोका, शर्ट ठेवा आणि निघा."

हात कानापाशी परत आला. मग भुवईपाशी. रोज काही फरक पडायचा नाही. एखाद्या दिवशी मात्र अचानक वरच्या फळीवरचा डबा हाताला लागायचा. साहेब रोज हापिसातून आल्यावर विचारायचे, "कुठवर आलं?" मी सांगायचे, "तुझ्या हापिसाच्या फायलीपेक्षा पुढं आहे." तो हसायचा, पण त्याची नजर कॅलेंडरकडे जायची.

महिन्याच्या शेवटच्या सकाळी मी म्हटलं, आज कुणी हात लावायचा नाही. बाजूच्या दारानं बाहेर गेले, दोन्ही कुलपं काढली आणि वाकून शटरच्या पट्टीखाली हात घातले. गुडघ्यापर्यंत आलं. कमरेपर्यंत आलं. छाती, हनुवटी. कपाळापर्यंत आलं आणि खांद्यातली कडी बसली.

झटका दिला असता तर शटर गेलं असतं वर. खांदाही गेला असता. मी हात काढून घेतले. स्प्रिंग अजून शाबूत आहे, शटर होतं तिथंच राहिलं. मी खालून आत गेले आणि इस्त्री तापत ठेवली.

पहिले आले मास्तर. त्यांनी मान खाली घातली आणि आत आले. म्हणाले, "आज असं का?"

"ज्याला गरज आहे तो वाकतो," मी म्हटलं. त्यांनी पिशवीतून शर्ट काढून दिला.

मग बाजूच्या दारानं बाहेर पडून साहेब आले. माझ्यापेक्षा हातभर उंच आहे, त्याला चांगलंच वाकावं लागलं. आत येऊन कंबर सरळ करत त्यानं शटरकडे बघितलं.

"आई, वर नाही गेलं."

"तुला आत यायला पुरलं ना?"

"तसं नाही गं. मोबाईलवाला आत्ता येईल. काय सांगू त्याला? तूच म्हणायचीस, ज्याच्या हाताला..."

तेवढ्यात सून आली. डाव्या काखेत घरोघरून आणलेल्या कपड्यांचं गाठोडं होतं. खाली वाकायच्या ऐवजी तिनं उजवा हात पट्टीखाली घातला आणि शटर वर ढकललं. अर्धा जोर माझा लागलेलाच होता, उरलेलं ते गडगडत गेलं. उजेड टेबलापर्यंत आला. तिनं गाठोडं सोडलं आणि पांढरे कपडे वेगळे करायला बसली. कुणाकडे बघितलंसुद्धा नाही.

"बघितलंस?" मी साहेबांना म्हटलं. "येतंय हाताला. जा, सांग त्याला."

"पण कुणाच्या हाताला?"

"बाईमाणसाच्या," मी म्हटलं आणि इस्त्रीवर पाण्याचा थेंब टाकून बघितला.

त्यानं सायकलीवर टांगलेला स्वतःचा शर्ट काढून घातला आणि शेजारी गेला. मोबाईलवाल्याला काय बोलला ते मी विचारलं नाही. परत येताना दोन चहा सांगून आला, एक माझा आणि एक तिचा.

संध्याकाळी शेवटचं गिऱ्हाईक गेल्यावर मी प्लग काढला आणि बाहेर आले. सून आधीच शटरखाली उभी होती. टाचा उंच करून तिनं पट्टी धरली आणि हळूहळू खाली आणायला लागली. माझ्या कपाळापाशी आल्यावर तिनं हात सोडला आणि बाजूला झाली.

उरलेलं मी ओढलं.