पालखीचा पुढचा खांदा

शिमग्याच्या आदल्या दिवशी माझ्या नवऱ्याने महाडला जाऊन गुडघ्यात इंजेक्शन मारून घेतलं आणि घरी येऊन सांगितलं, टायर पंक्चर झाला होता. खोटं बोलायची अक्कल हर्षदला कधीच नव्हती.

तो गोव्यात आणि मग कोलकात्यात पगारी फुटबॉल खेळला. मॅचआधी गुडघा दुखला की क्लबचा डॉक्टर इंजेक्शन द्यायचा आणि हा मैदानात उतरायचा. दुखणं थांबलं म्हणजे पाय बरा झाला, एवढंच शहाणपण घेऊन तो उमरठला परतला. क्लबने त्याला नारळ दिला होता. गावाला वाटलं, पोराने स्वतःहून खेळ सोडला. त्यानेही वाटू दिलं.

मुंबईच्या डॉक्टरांनी बजावलं होतं, ओझं उचलायचं नाही, नाचायचं नाही, नाहीतर पाय कायमचा जाईल. आणि आमचं पोट त्याच पायावर होतं. हा वीर स्टेशनवरून महाडला रिक्षा मारायचा, आणि रिक्षाचा ब्रेक उजव्या पायाने दाबावा लागतो.

पण देवीच्या पालखीचा पुढचा खांदा आमच्या घराचा. सासरे थकले, म्हणून गावकीचे भिकाजीअण्णा ओटीवर येऊन म्हणाले, "महिपती, तुझ्याच्यानं आता व्हायचं नाय. खांदा तुझ्या चुलत्याच्या घरात देऊ काय?"

"माझा पोरगा देशभर खेळलाय," सासरे म्हणाले. "त्याला पालखी जड हाय काय?"

हर्षदने एक शब्द काढला असता तर सुटला असता. तो खाली बघत राहिला. मी दाराआड चरफडत होते.

पालखी नाचवताना बसायचं, उठायचं, गिरक्या घ्यायच्या. त्याने सगळं केलं. लोक शिट्ट्या मारत होते. कोणीतरी म्हणालं, "खेळाडू हाय तो." हर्षद हसला. कोलकाता सोडल्यापासून मी त्याला असं हसताना पाहिलं नव्हतं. मला त्या हसण्याचा संताप आला आणि रडूही आलं.

पालखी चौथऱ्यावर टेकली आणि हा खाली बसला तो उठेचना. लोकांना वाटलं, जास्त झाली असेल. चौघांनी उचलून घरी आणला.

आता रिक्षा अंगणात उभी असते. मागच्या सीटवर कोंबड्या बसतात.

काल भिकाजीअण्णा पुन्हा आले. पाय मुरगळलाय, असंच आम्ही गावात सांगितलंय. "नाव काढलंस रे," ते त्याला म्हणाले. "पुढल्या शिमग्यालाही खांदा तुझाच." हर्षदने खाटेवरूनच मान डोलावली. सासऱ्यांना केवढा आनंद झाला.

सगळे गेल्यावर त्याने मला जवळ बोलावलं. "महाडला तो इंजेक्शनवाला अजून बसतो काय गो?"

हा गुडघा आता कधीच वाकणार नाही, हे डॉक्टरांनी परवा मला बाजूला घेऊन सांगितलं होतं. ते मी त्याला अजून सांगितलेलं नाही.

"बसतो," मी म्हणाले आणि त्याच्यासाठी चहा टाकायला उठले.