देवळात गेलेला नवरदेव

"काका, थांबा! ह्याचा शेवट कुठंय?"

सायलीने कानावरचे हेडफोन खाली ओढले. काचेपलीकडे आश्रुबा सॅक्सोफोन छातीशी धरून, डोळे मिटून बसला होता. कुणी पुलाच्या मधोमध उतरवून गेल्यासारखा.

"शेवट?" त्याने डोळे उघडले. "शेवट न्हाई ह्याला."

"मघाच्या चालीलाही नव्हता."

"तिला बी न्हाई. कंच्याच चालीला न्हाई."

कोपऱ्यात त्याची बायको साखराबाई भिंतीवर चिकटवलेल्या अंड्यांच्या ट्रेकडे संशयाने बघत होती. आवाज घुमू नये म्हणून ते लावलेत, असं सायलीने दोनदा सांगूनही माळकरी बाईला पटलं नव्हतं. "कोंबड्याच्या घरात कसली आलीय शूटिंग," ती पुटपुटली.

सायलीची अंबाजोगाईतली ही रेकॉर्डिंगची खोली भजनांवर आणि प्रचाराच्या गाण्यांवर चालायची. मामाच्या लग्नात तिने बँडमधल्या आश्रुबाला ऐकलं आणि ती जेवायची विसरली. "काका, हे तर जॅझ आहे. तुमच्या स्वतःच्या चालींचा अल्बम करू," ती म्हणाली होती.

"आसंल," आश्रुबा म्हणाला होता. "आमी त्याला 'नवरदेव देवळात गेला' म्हणतो."

आणि ते खरंच होतं. लग्न लागायच्या आधी परण्याची मिरवणूक निघते. नवरदेव घोडीवरून मारुतीच्या देवळात जातो. पुढे बँड, त्यापुढे धूळ आणि धुळीत नाचणारे मेहुणे. नवरदेव नारळ घेऊन आत गेला की सगळं थांबतं. मेहुणे पाणी प्यायला पळतात, ढोलवाला तंबाखू मळतो. तेवढ्या उसंतीत आश्रुबा कडुलिंबाखाली उभा राहून स्वतःचं काहीतरी वाजवायचा. लहानपणी मेंढरांमागे पावा वाजवला होता, तो ह्या पितळी नळीतून वाकडातिकडा होऊन बाहेर यायचा. उडालेली धूळ खाली बसायची आणि बसता बसता विसरायची की आपण धूळ आहोत. नांदूरघाटात सांगतात, आश्रुबाच्या खालच्या सुराला घोडी उभ्या उभ्या झोपायची आणि स्वप्नात दुसरंच लग्न बघायची. घोडीचं स्वप्न माणसांना कसं कळलं, हे विचारायचं नसतं.

मग नवरदेव बाहेर यायचा, फटाक्यांची माळ लागायची आणि बँडमालक बंकट ढोलावर टिपरू हाणायचा. "आश्रुबा, बस कर बे! नवरदेव आला!" चाल जिथे असेल तिथेच मरायची.

चालींची नावंही त्या त्या नवरदेवाचीच. बूट चोरीला गेलेला नवरदेव. गेवराईचा रडका नवरदेव. आणि देवळाच्या मागच्या खिडकीतून पळालेला नवरदेव. ही चाल सगळ्यांत लांब, कारण तो केजच्या रस्त्याला सापडेपर्यंत आश्रुबा वाजवत राहिला. त्या एका चालीत म्हणे कडुलिंबाची पानं पिकून गळाली, नवरीच्या भावाला मिसरूड फुटलं. आता हिला तरी शेवट येणार, एवढ्यात मोटरसायकलवर दोघांच्या मधोमध चेपून नवरदेवाला आणलं आणि बंकटने टिपरू हाणलंच.

"मग करायचं कसं?" सायलीने विचारलं. "पुढच्या महिन्यात या निवांत."

आश्रुबाने जिभेने वरचे पुढचे दात चाचपले. दोन्ही हलत होते. सॅक्सोफोन वाजवताना वरचे दात बाजाच्या तोंडावर टेकवावे लागतात आणि डॉक्टर सोमवारी ते काढणार होता. आज शनिवार.

"कवळी बसवतील ना, काका?"

"कवळीनं भाकर खाईन. ह्ये व्हायचं न्हाई, बाई. व्हायचं ते आजच."

मग साखराबाई उठली. योगेश्वरी देवीला वाहायचा नारळ तिने पिशवीतून काढला, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि दार उघडून उंबऱ्याच्या आत उभी राहिली.

"अवं, तुमाला शेवट नगं, नवरदेव पायजे. मी देवळात हाय. वाजवा."

"तू? नवरदेव?"

"तुमच्याहून बरा दिसतो मी. वाजवा म्हनते ना!"

सायली हसली आणि तिने पुन्हा बटण दाबलं. आश्रुबाने वाजवायला घेतलं. आयुष्यभर त्याच्या फुंकरीवर संसार केलेल्या बाईला चाल कधी मोडायची हे कळत होतं. चाल अगदी रंगात आली की साखराबाई उंबरा ओलांडायची, सायली टेबलावर थाप मारायची आणि सूर तिथेच तुटायचा. तुटलेल्या जागी धूळ, घोडी, कडुलिंब सगळं क्षणभर लोंबकळत राहायचं. रडका नवरदेव झाला, बूटवाला झाला, पळालेलाही सापडला. सायली म्हणाली, "काका, हे असंच ठेवू. हे असंच पाहिजे."

"एक ऱ्हायली," आश्रुबा म्हणाला. ओठाला रक्त लागलं होतं, ते त्याने बाहीला पुसलं.

साखराबाई नारळ घेऊन पुन्हा दारात गेली. "ही कुनाची?"

"माझी."

"म्हंजी?"

"आपल्या लग्नात मी देवळात गेलतो. आन् भाईर सगळं गप. वाजवनारा मीच तर आत. हात जोडून ऐकत हुतो, तर काय बी ऐकू यीना. लई वंगाळ वाटलं. तवापासनं ही चाल मनात हाय. कुनाच्या परण्यात वाजवली न्हाई."

साखराबाईने दार आतून ओढून घेतलं आणि खाली बसली. नारळ मांडीत ठेवला.

"अगं, उभी ऱ्हा की."

"मी कावून? ह्या खेपंला नवरदेव तुमीच हाव. तुमचं तुमी या भाईर."

आश्रुबाने दात टेकवले. पहिला सूर इतका हळू आला की सायलीने यंत्राकडे बघून खात्री केली. मग मेंढरं आली, माळावरून, एकामागून एक, ढगांसारखी. त्यांच्यामागे एक पोरगेला नवरदेव, गळ्यात हार, कान टवकारलेले. चाल बूट चोरलेल्या जागेपर्यंत आली, पळालेल्याच्या खिडकीपर्यंत आली आणि पुढे गेली. आश्रुबा सवयीने दाराकडे बघत होता. दार बंदच. फटाके नाहीत, बंकट नाही. त्याला भीती वाटली. मग भीती वाटेनाशी झाली. सूर एकेक पायरी उतरत गेला आणि शेवटच्या पायरीवर, कुणीही न सांगता, जमिनीला पाय लावून उभा राहिला.

फुंकर अजून शिल्लक होती. त्याने ती नुसतीच सोडून दिली.

सायलीने थाप मारली नाही. बराच वेळ तिने बटणही बंद केलं नाही.

साखराबाईने पदराने त्याचा ओठ टिपला, मग बाजाचं तोंड पुसलं. पुसताना पदरात काहीतरी टणक आलं, दाताएवढं. न बघताच तिने ते नाण्यासारखं कनवटीला लावलं.

बाहेर ऊन कललं होतं. आश्रुबा बाजाची पेटी उचलायला वाकला, तर ती आधीच साखराबाईच्या हातात.

"आन हिकडं. जड हाय."

"आसू द्या," असं म्हणून तिने नारळ त्याच्या हातात दिला, पेटी खांद्याला लावली आणि ती रस्त्याला लागली. त्याच्या पुढून. नवरदेवाच्या पुढे बँड चालतो, तशी.