लाडकीच्या विहिरीतला चाव्यांचा जुडगा

तारापूरच्या शाळेत इतिहास शिकवणारे विश्राम तामोरे मास्तर वर्गात कधी खोटं बोलले नाहीत. सनावळीत एखादं साल चुकलं, तर दुसऱ्या दिवशी पोरांसमोर कान पकडून दुरुस्त करणारा माणूस. पण रविवारी टोपी चढवून ते पाहुण्यांना गाव दाखवायला निघाले, की त्यांच्या अंगात काय संचारायचं कोण जाणे.

हे गाव दाखवायचं खूळ तीन हिवाळ्यांपूर्वीचं. बोईसरला कारखाने आले, किनाऱ्याला वीज केंद्राची कॉलनी वसली, आणि रविवारी करायचं काय असा प्रश्न पडलेली पुष्कळ माणसं एका जागी गोळा झाली. कॉलनीच्या महिला मंडळाने मास्तरांना गळ घातली, "आम्हाला तुमचं तारापूर पायी फिरवून आणा. किल्ला बघू, चार गोष्टी ऐकू, आणि तुमच्याकडचं काहीतरी खाऊ." मास्तरांना तेवढंच हवं होतं. सकाळी नीरा, मग किल्ल्याचा तट, मग पारशी गल्लीतल्या बेकरीची नानखटाई, मग बांबूंच्या वलांडीवर जबड्यात जबडा अडकवून वाळत टाकलेले बोंबील, आणि शेवटी कोळीवाड्यात लाडकीच्या अंगणात जेवण. लाडकीच्या हातचं बोंबलाचं आंबट खाल्लेला माणूस पुढच्या वर्षी चार जण घेऊन परत यायचा. मास्तरांना वाटायचं, आपल्या गोष्टींसाठी येतात. वाटू दे बापडे!

गडबड झाली ती पहिल्याच हिवाळ्यात. पाहुणे अंगणात येऊन बसले, पण भाकऱ्या व्हायच्या होत्या. एक साहेब जांभया देत होते, पोरं भुकेने कुरकुरत होती. मास्तरांची नजर अंगणातल्या जुन्या दगडी विहिरीवर गेली, आणि उचलली जीभ, लावली टाळ्याला. म्हणाले, "ही विहीर साधी नाही बरं का! किल्ला पडला त्या रात्री फिरंग्यांच्या किल्लेदाराची बायको चाव्यांचा जुडगा कमरेला बांधून हिच्यात उतरली. अजून अवसेला पाण्यातून चाव्या वाजतात." जांभई देणारे साहेब ताठ बसले. पोरं गप्प. मास्तरांना चेव आला, आणि त्यांनी गोष्टीला शेपूट जोडलं, "मरताना तिने शाप दिला. जी या विहिरीच्या पाण्यावर वाढेल, तिचा नवरा दर्यावरून परत यायचा नाही."

तव्याशी बसलेली लाडकी पदराआड हसली. तिची पोर नलू, तेव्हा सतरा-अठराची, तीही हसली. मास्तर आपले गोष्टी रचतायत, हे दोघींना कळत होतं. पण कुंपणापलीकडे जाळी शिवत बसलेल्यांना कुठे कळत होतं? मास्तरांसारख्या नाखव्याच्या, म्हणजे बोटमालकाच्या, घरात जन्मलेल्या माणसाने कोळीवाड्यात उभं राहून असलं शेपूट जोडावं, ही चूक परगावच्या माणसानेसुद्धा केली नसती. दर्यावरून परत न येण्याची गोष्ट तिथे कोणी चेष्टेतही काढत नाही. मास्तरांनी ती दर फेरीला सांगितली, तीन हिवाळे, आणि दर वेळी थोडी अधिक रंगवून.

यंदाच्या हिवाळ्यातल्या एका रविवारी पंधरा-वीस माणसं घेऊन मास्तर लाडकीच्या अंगणात शिरले आणि जागच्या जागी थबकले. विहिरीवर फळ्या टाकल्या होत्या. फळ्यांवर लाल फडकं, नारळ, लिंबं. पाणी कुठून आणलं होतं देव जाणे, पण रांजण अंगणात भरलेला होता, तांब्या-पेले मांडलेले होते. भाकऱ्यांची चवड फडक्यात झाकलेली. शब्द दिला म्हणून बाईने सगळा स्वयंपाक केला होता. आणि स्वतः मात्र रडून रडून लाल झालेल्या डोळ्यांनी पायरीवर बसली होती.

"लाडकीवहिनी, काय झालं?" मास्तरांनी विचारलं.

उत्तर तिच्या नवऱ्याने, नामदेवने दिलं. "नलूचं मोडलं, मास्तर."

मास्तरांना खरं वाटेना. नलूचं लग्न नवापूरच्या मोठ्या बोटवाल्या घरात ठरलेलं. पोरगं चांगलं, पोरीच्या मनातलं, सुपारी फुटलेली. आणि आज त्या पोराचा मामा देवू ओटीवर बसला होता. सुपारीच्या वेळची साडी आणि नारळ त्याने परत घ्यायला ताटात काढून ठेवायला लावले होते. वाईट माणूस दिसत नव्हता. उलट त्याचंच तोंड एवढंसं झालं होतं.

"का मोडलं?" मास्तर त्याच्यावरच घसरले. "पोरीत खोट काय?"

"पोरीत काय खोट नाय, मास्तर," देवू मामा म्हणाला. "पोर सोन्यासारकी हाय. पन ती या हिरीच्या पान्यावर वाढली. आमचा पोरगा दर्यावर जातो. तुमी शिकलेली मान्सं, तुमाला काय सांगायचं? फिरंग्याची बाय हाय ना हिच्यात. चाव्यावाली."

मास्तरांच्या पायाखालची वाळू सरकली. मामा मात्र सांगतच राहिला. बाईचं नाव, तिच्या झग्याचा हिरवा रंग, जुडग्यात चाव्या सात, त्यातली एक सोन्याची. मास्तरांनी बाईला नाव कधी दिलं नव्हतं. झगा घातला नव्हता. सोन्याची चावी तर त्यांच्या स्वप्नातही नव्हती. आपण सोडलेलं कुत्र्याचं पिल्लू वाघ होऊन दारात उभं राहावं, तसे ते त्या गोष्टीकडे बघत राहिले.

"हे... हे कोणी सांगितलं तुम्हाला?"

"कोनी म्हंजे? अख्खा किनारा सांगतो. जुनी मान्सं सांगतात."

पाहुणे मागे उभे होते, लाज तर वाटणारच. पण नलू दाराच्या चौकटीला टेकून उभी होती, आणि तिच्याकडे पाहिल्यावर मास्तरांनी लाज गुंडाळून ठेवली. मोठ्याने म्हणाले, "खोटं आहे ते! साफ खोटं! मी रचलं ते सगळं. भाकऱ्यांना उशीर होता म्हणून, इथंच, या अंगणात उभं राहून. कसली किल्लेदाराची बायको न् कसल्या चाव्या!"

कॉलनीच्या अभ्यंकरबाई दर वर्षी यायच्या आणि दर वर्षी नव्या मैत्रिणींना ही विहीर आधी दाखवायच्या. त्यांचा चेहरा पडला. पण मास्तरांना त्यांची फिकीर नव्हती. ते देवू मामाच्या तोंडाकडे आशेने बघत होते.

मामाने हात जोडले. "मास्तर, तुमी देवमानूस. पोरीसाटी खोट्याचं पाप डोक्यावर घेता."

"अहो, पाप नाही, खरं सांगतोय! हा नामदेव बघा. या घरात लाडकीवहिनी सून होऊन आली, तेव्हापासून याच विहिरीचं पाणी पितेय. नामदेव जन्मभर दर्यावर जातो. बसलाय की नाही समोर धडधाकट?"

"दोनदा बुडता बुडता वाचला," मामा म्हणाला. नामदेवने मान खाली घातली. तो स्वतःच कधी तरी हे बोलला असणार.

तेवढ्यात शेजारच्या ओसरीवरून जमुनाआजी काठी टेकत आली. ऐंशीच्या घरातली म्हातारी. तिचा नवरा सुका, मास्तरांच्या जन्माआधी बोट घेऊन गेला; ना बोट परत आली ना तो. "विश्राम," ती म्हणाली, "तू लानगा हायस. तुला काय ठावं? मी आयकल्यात चाव्या. माजा सुका गेला त्या राती आयकल्यात. माज्या सासूने पन आयकल्या. आमी पन याच हिरीचं पानी भरायचो."

"आजी, अगं, मी ही गोष्ट..."

"इतकी वर्षं मी दर्याला शिव्या घातल्या रे. माज्या नशिबाला घातल्या. का गेला, काय समजना. आता समजलं." म्हातारीच्या डोळ्यांत पाणी होतं, पण चेहऱ्यावर, काय सांगावं, एक समाधान होतं. मास्तर हादरले ते तिथे. दोन घटकांची करमणूक म्हणून फेकलेली थाप या बाईने उचलून आपल्या आयुष्यभराच्या दुःखाखाली उशी म्हणून घेतली होती. तिच्या डोक्याखालून ती ओढून काढायची कशी? आणि नाही काढली तर नलूचं काय?

मास्तर सुन्न होऊन इकडे तिकडे बघू लागले. तर अभ्यंकरबाई, विज्ञान शिकलेल्या अभ्यंकरबाई, हातातला पाण्याचा भरलेला पेला हळूच खाली ठेवत होत्या. खोटं आहे हे त्यांनी आत्ता स्वतःच्या कानांनी ऐकलं होतं. तरी पेला ठेवला आणि बोटं पदराला पुसली.

देवू मामा उठला. "बरं मास्तर. तुमी म्हंता खोटं, तर खोटं. मग एक करा. तुमचा रामू हाय लग्नाचा."

रामू म्हणजे मास्तरांचा एकुलता एक मुलगा. बापासारखा खडूफळ्यात रमला नाही, नाखवा आजोबाच्या वळणावर गेला. स्वतःची बोट होती त्याची.

"नलूला तुमच्या रामूला करून घ्या," मामा म्हणाला. त्याच्या आवाजात टोमणा नव्हता. पोरीचं भलं झालं तर बरं, एवढंच त्याच्या मनात होतं. "उद्याच. मी सोता सुपारी फोडतो."

यात काय कठीण होतं? पोर मास्तरांच्याच हाताखाली शिकलेली, हुशार, देखणी. रामूला आवडलीही असती. "हो" एवढं एकच अक्षर म्हणायचं होतं. मास्तरांनी तोंड उघडलं.

आणि अक्षर बाहेर पडेना. डोळ्यांपुढे रामूची बोट आली. बंदराबाहेर पडणारी, लहान लहान होत जाणारी. आणि देवाशपथ, कानाशी काहीतरी वाजलं. धातूवर धातू आपटल्यासारखं. त्या विहिरीत काही नाही हे जगात एका माणसाला पक्कं ठाऊक होतं, आणि तोच माणूस विहिरीवरच्या फळ्यांकडे बघत होता. फार वेळ नाही. एक श्वास आत घेऊन बाहेर सोडायला लागतो, तेवढाच वेळ. पण अंगणातली झाडून सगळी माणसं त्या श्वासाकडे बघत होती.

"हो," मास्तर म्हणाले. "हो तर! का नाही? घेतो करून."

देवू मामाने ताट उचललं, साडी सारखी केली आणि लाडकीला हात जोडून निघून गेला. आता त्याला कोणी थांबवलं नाही. जमुनाआजी काठी टेकत आपल्या ओसरीवर परत गेली.

मग नलू चौकट सोडून पुढे आली. तिच्या डोळ्यांत राग असता तर मास्तरांना बरं वाटलं असतं.

"नको, मास्तर," ती म्हणाली.

"पोरी, मी खरंच म्हणतोय. ती गोष्ट खोटी आहे. तुला तर माहीत आहे ना? तू हसली होतीस तेव्हा."

"मला ठावं हाय खोटी हाय. तुमाला पन ठावं हाय. पन मी तुमच्या घरात आली, न् एखाद्या दिशी वारा सुटला, रामू बाहेर असला, तर तुमी दर्याकडं नाय बगनार. पयलं माझ्याकडं बगाल."

मास्तरांना म्हणायचं होतं, नाही गं, असं कधी होणार नाही. जन्मभर शब्दांवर जगलेला माणूस तो. पण बाहेर नुसता ओठांचा चाळा झाला, आवाज आलाच नाही. नलूने थोडा वेळ वाट पाहिली. मग ती पाहुण्यांकडे वळली, भाकऱ्यांवरचं फडकं काढलं आणि म्हणाली, "बसून घ्या, गार होतंय."