रेषेमागचा माणूस

कान्हू पाटलाशी भांडला नाही असा माणूस पेणपासून रोह्यापर्यंत शोधून सापडायचा नाही. पंचाहत्तरी उलटली तरी म्हाताऱ्याच्या जिभेला हाड नाही ते नाहीच. पण मुलींच्या हौशी कबड्डीचा पाया घातला तो यानंच, हे त्याचे वैरीही नाकबूल करत नसत. पन्नास वर्षांपूर्वी मिठागरावरून सुटला की हा दारोदार फिरायचा, "पोर खेळायला द्या" म्हणायचा. बाप अंगावर धावून यायचे. शेवटी त्यानं शब्द दिला, की मुलीचं नाव पुकारलं की तिच्या घरचा एक पुरुष रेषेमागं उभा राहील. तो असेल तरच ती खेळेल. आणि लबाडी नको म्हणून पंचाच्या खुर्चीतला माणूस कुणाच्याच घरचा धरायचा नाही. एवढ्यावर पोरी मैदानात आल्या.

काळ बदलला, अटी तशाच. गेल्या वर्षी नव्या कमिटीनं त्या काढायच्या म्हटल्या, तर कान्हू गरजला, "मग ढाल मी घरी नेतो!" स्पर्धेची ढाल त्यानं पदरच्या पैशानं लावलेली. सगळे मनातल्या मनात शिव्या घालत गप्प बसले.

यंदाची फायनल रोह्यात होती. समोर रोह्याच्या पोरी, इकडे कान्हूच्याच गावचा संघ आणि कप्तान त्याचीच सून, दिपिका. गावानं ढाल एकदाही जिंकली नव्हती. कान्हूनं जगाला ढाल दिली आणि आपल्याला ठेंगा, असं गावात उघड बोलत. यंदा दिपिकाच्या जोरावर ती येणार, अशी सगळ्यांना खात्री होती.

खुर्चीत अर्थातच कान्हू. शेजारी दुसरी पंच, शाळेत खेळ शिकवणारी रोहिणी.

रोह्याची कप्तान शाझिया हिचं नाव पुकारलं. बाप मस्कतला, म्हणून चुलता उभा राहिला. मग दिपिकाचं नाव आलं. रेषेमागं कुणीच नाही.

"प्रविण कुठं हाय?" कान्हूनं आपल्या मुलाचं विचारलं.

"धाटावला. पाळी बदलायला रिलिव्हर आला नाय, कंपनी सोडत नाय," दिपिका म्हणाली. "आबा, मी कोनाची सून ते इथं कोनाला ठावं नाय?"

"अट ती अट. बाहेर बस."

"माझ्याबिगर सहा जनी काय करतील?"

"हरतील. बस!"

तेवढ्यात पाण्याच्या कळशीपाशी बसलेली हौसा, कान्हूची बायको, गुडघ्यावर हात टेकत उठली. "मी ऱ्हाते उभी."

"पुरुष पायजे."

"व्हय? मग तुमी उठा."

"मी पंच हाय!"

"जलमभर पंचच हाव! लग्नाआदी माझी चढाई बघाया नागोठण्याहून मानसं यायची. तुमच्या घरात आले, तर सासरा नाय, दीर नाय, आनि नवरा खुर्चीत! माझं नाव पुकारायचात आनि मलाच बाहेर बसवायचात. दोन वर्षं सोसलं, तिसऱ्या वर्षी आलेच नाय. तुमी इचारलंत कदी, का गो आली नाय म्हनून? आता सुनेला बसवा. आनि मेल्यावर खुर्ची चितेवर घेऊन जावा!"

कान्हूनं खुर्चीतूनच बोट रोखलं.

"हौसे, घरी बघतो तुला!"

"बघा. भाकर पन आपली आपून थापा."

शाझियानं आपल्या पोरींना खूण केली. सगळ्या मैदानातच फतकल मारून बसल्या. "चाचा, समोर कप्तान नाय तर आम्हाला ढाल नको. घेऊन जा."

कान्हूचं डोकं तडकलं. पण ढाल आज कुणीच घेतली नाही तर उद्या त्याच्या स्पर्धेला कुत्रं विचारणार नव्हतं. आणि खुर्ची एकदा सोडली की कमिटी पुन्हा बसू देणार नव्हती, हेही त्याला पक्कं ठाऊक होतं. तो कितीतरी वेळ खुर्चीचे हात धरून बसला. मग दातओठ खात उठला.

"कोनासाठी उठत नाय मी. ढालीसाठी उठतो!"

तो रेषेमागं जाऊन उभा राहिला. दिपिकानं त्याच्याकडं पाहिलंसुद्धा नाही, सरळ मैदानात गेली. रोहिणी त्याच्या खुर्चीत सरकली आणि तिनं पुढचं नाव घेतलं, "नमिता म्हात्रे, आत ये." रेषेकडं मान वळवली नाही.

"अगो, तिचा मानूस कुठं हाय?" कान्हू ओरडला.

रोहिणीनं शिट्टी मारली. दिपिका चढाईला सुटली आणि लोक एकच ओरडले.

कान्हू ताठ उभाच होता. मागून हौसाचा आवाज आला.

"झालं ना काम? आता बसा खाली. मला खेल दिसत नाय."

कान्हूनं मागं वळून पाहिलं. मग लेंगा सावरत तो मातीत बसला.